ऱ्हासाचा इतिहास : चांदवडचा रंगमहाल आणि नाशिक परिसरातील दोन राजवाडे

(१)

मराठी स्थलवर्णनपर वाङ्मयात राजवाड्यांचे वृत्त बहुधा एका ठराविक वाक्यावर येऊन संपते. वाडा कोणी बांधला, त्यात कोण राहिले, कोणते प्रसंग घडले, हे सविस्तर सांगून झाले म्हणजे लेखक लिहितो की, काळाच्या ओघात या वास्तूची पडझड झाली. या वाक्यापाशी वाचक एक उसासा टाकतो आणि लेखक पुढच्या गावाकडे वळतो. बांधणीस वर्ष असते, बांधणाऱ्यास नाव असते. पडझडीस मात्र वर्षही नसते आणि कर्ताही नसतो. तिचे सारे उत्तरदायित्व काळ नावाच्या एका निराकार शक्तीवर टाकलेले असते.

हे वाक्य निरुपद्रवी वाटते. पण संशोधनाच्या दृष्टीने ते घातक आहे. पेशवाई १८१८ मध्ये संपली. त्यानंतरच्या दोनशे वर्षांहून अधिक काळाचा हिशेब ते चार शब्दांत मिटवून टाकते. ज्या वाड्यात राज्यकर्त्यांनी साठ-सत्तर वर्षे काढली, त्याच्या अस्तित्वाचा मोठा भाग राज्यकर्ते निघून गेल्यानंतरचा आहे. आज डोळ्यांसमोर जी वास्तू उभी आहे, ती त्या उत्तरकाळाने घडविलेली आहे. तो काळ वगळून वास्तूचा अर्थ लावणे म्हणजे पोथीचे पहिले पान वाचून संहितेवर अभिप्राय देण्यासारखे आहे.

या दृष्टीने नाशिक आणि त्याचा परिसर हे अभ्यासाचे एक उत्तम क्षेत्र आहे. अठराव्या शतकातील तीन राजकीय वास्तू येथे एका दिवसाच्या प्रवासात पाहता येतात, आणि तिन्हींची गती वेगवेगळी झालेली आहे. नाशिकच्या पश्चिमेस गोदावरीकाठी आनंदवल्ली येथे रघुनाथराव पेशव्यांचा वाडा होता. जुन्या नाशकात सराफ बाजाराच्या सान्निध्यात पेशव्यांचा सरकारवाडा आहे. मुंबई-आग्रा रस्त्यावर, नाशिकहून सुमारे साठ-पासष्ट किलोमीटरांवर, चांदवड गावात होळकरांचा वाडा आहे. तो रंगमहाल या नावाने प्रसिद्ध आहे. पहिल्याचे मुख्यतः नाव उरले, दुसरा वापरात राहिला, तिसरा अर्धवट जीर्णावस्थेत टिकून आहे. एकाच प्रदेशातील, जवळजवळ एकाच काळातील आणि एकाच बांधणीपरंपरेतील तीन वास्तूंवर काळाने तीन निरनिराळे परिणाम का घडवावेत, हा प्रश्न उपस्थित झाला की काळाच्या ओघाचे स्पष्टीकरण अपुरे पडते.

(२)

या तीन वास्तू परस्परांपासून अलिप्त नव्हत्या, हे प्रथम ध्यानात घेणे अगत्याचे आहे. १८८३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरच्या नाशिक खंडापासून पुढे जी पद्धत रूढ झाली, तीत गावांची माहिती वर्णानुक्रमाने दिली जाते. संदर्भासाठी ही पद्धत सोयीची असली, तरी तिने एक हानी केली आहे. इतिहासात ज्या जागा एकमेकींशी बांधलेल्या होत्या, त्या वर्णमालेत दूर फेकल्या गेल्या. आनंदवल्ली एका टोकास गेली, चांदवड मध्ये राहिले आणि नाशिक पुष्कळ पुढे गेले. वाचकाला तिन्ही ठिकाणे स्वतंत्र कौतुकाची स्थळे वाटू लागली.

वस्तुतः १७६६ ते १७६८ या तीन वर्षांत ही ठिकाणे एकाच राजकारणाची अंगे होती. मल्हारराव होळकर १७६६ मध्ये वारले. त्यांचे पुत्र खंडेराव १७५४ मध्येच कुंभेरीच्या वेढ्यात मारले गेले होते, आणि नातू मालेरावही १७६७ मध्ये मृत्यू पावले. होळकरांच्या दौलतीस कर्ता पुरुष उरला नाही, हे पाहून दिवाण गंगाधर यशवंत चंद्रचूड यांनी रघुनाथरावांशी संधान बांधले. दौलत ताब्यात घेण्याच्या हेतूने रघुनाथराव माळव्यात गेले. अहिल्याबाईंनी खंबीरपणे विरोध केला आणि माधवराव पेशव्यांनी निर्णय त्यांच्या बाजूने दिला. पुढे १७६८ च्या जूनमध्ये काका-पुतण्यांतील वादाचा निकाल धोडप येथे लागला. रघुनाथरावांचा पराभव होऊन त्यांना शनिवारवाड्यात नजरकैदेत ठेवण्यात आले. चंद्रचूडही पकडले गेले. धोडपचा किल्ला चांदवडच्याच डोंगररांगेत आहे. ज्यांनी होळकरांच्या गादीवर डोळा ठेवला होता, त्यांचे राजकारण होळकरांच्या वाड्याच्या परिसरातच ढासळले, हा योगायोग वर्णानुक्रमाच्या मांडणीत कधीच दृष्टीस पडत नाही.

याच चंद्रचूडांच्या नावाशी नाशिकचे सुंदरनारायणाचे देऊळ निगडित आहे, याचीही येथे आठवण ठेवली पाहिजे. गोदाकाठची अठराव्या शतकातील देवळे, घाट आणि वाडे हे एकाच सत्ताधारी वर्गाच्या द्रव्याने उभे राहिले. देवळांच्या वाट्याला भाविक आले. वाड्यांच्या वाट्याला कोण आले, हाच प्रस्तुत विषयाचा गाभा आहे.

आनंदवल्लीची कथा पदच्युतांची आहे. गावाचे जुने नाव चौंधस असे सांगतात. रघुनाथरावांनी ते बदलून आनंदवल्ली केले. पुण्याच्या दरबारात बिनसले म्हणजे येऊन राहण्याची ही जागा. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ मधील वधानंतर रघुनाथरावांचे पुढचे आयुष्य धामधुमीत गेले आणि १७८३ मध्ये ते कोपरगावी वारले. आनंदीबाईंचा शेवट १७९४ मध्ये आनंदवल्लीस झाला. त्याच वर्षी त्यांच्या मुलांना जुन्नरकडे हलविण्यात आले. या वाड्याला सत्तेचे केंद्र होण्याचा योग कधीच आला नाही. तो असंतोषाचे, प्रतीक्षेचे आणि शेवटी नजरकैदेचे ठिकाण राहिला. राज्याच्या हिशेबात ज्याला कायमचे स्थान नव्हते, त्याला राज्य गेल्यावर वारसही मिळाला नाही. गावाचे नाव मात्र राहिले, कारण नावाला दुरुस्तीचा खर्च लागत नाही.

(३)

वाड्याला दुरुस्तीचा खर्च लागतो, आणि तो दर वर्षी लागतो. ऱ्हासाची मीमांसा करताना बांधणीचा हा विशेष विचारात घ्यावा लागतो. मराठा वास्तूंचा स्वतंत्र विषय म्हणून विचार म. श्री. माटे यांच्या १९५९ मधील इंग्रजी ग्रंथाने विद्यापीठीय अभ्यासात रुजविला. त्यानंतर वाड्याच्या अंगोपांगांचे वर्णन करण्याची परिभाषा स्थिर झाली. वर्णनात सहसा ज्याला स्थान मिळत नाही, ते या अंगोपांगांचे परस्परावलंबन होय.

काळ्या दगडाचे घडीव जोते, त्यावर सागवानी खांब, खांबांवर हस्त आणि तुळया, तुळयांवर कडीपाट, त्यावर मातीचे माळवद किंवा कौलारू छप्पर. भिंती खाली दगडाच्या आणि वर विटांच्या, आत-बाहेर चुन्याचा गिलावा. चौकाभोवती ओसरी, सोपा, दिवाणखाना, देवघर. या रचनेत भार खांब-तुळयांच्या सांगाड्यावर असतो. सांगाडा कोरडा राहील तोवर तो शतकानुशतके टिकतो. पण छपराचे एखादे कौल सरकले किंवा माळवदाला भेग पडली की, पाणी तुळईच्या त्या टोकापाशी पोचते जे भिंतीत पुरलेले असते. तेथे वारा लागत नाही. लाकूड आतून कुजते. बाहेरून खांब सुंदर दिसत असतो आणि वरचा मजला एका पावसाळ्यात खाली येतो. मोकळ्या पडलेल्या भिंतीच्या माथ्यावर पिंपळ रुजतो. त्याच्या मुळ्या चुन्याचे सांधे उकलतात. दगडी देऊळ पन्नास वर्षांची उपेक्षा सोसते. वाडा पाच-सात पावसाळ्यांची सोसत नाही.

म्हणून वाडा ही एकदा बांधून पुरी झालेली वस्तू नव्हे. उन्हाळ्याच्या अखेरीस होणारी शाकारणी, चुन्याची डागडुजी, गटारांची सफाई, लाकडाला तेलपाणी, या वार्षिक कर्मांची ती अखंड मालिका आहे. या कर्मांमागे सुतार, गवंडी, बेलदार, पहारेकरी यांचा पगार असतो. मराठ्यांच्या राज्यव्यवस्थेत जे बारा महाल गणले जात, त्यांत टांकसाळीप्रमाणेच इमारत हाही एक स्वतंत्र महाल होता, ही गोष्ट सूचक आहे. राज्यकर्त्यांनी इमारतीकडे चालू खर्चाची बाब म्हणून पाहिले होते. वाडा उभा राहतो तो द्रव्याच्या एका मोठ्या राशीने. टिकतो तो लहान रकमांच्या नियमित प्रवाहाने. हा प्रवाह ज्या दिवशी थांबतो, तो वाड्याच्या ऱ्हासाचा पहिला दिवस होय. भिंत पडते ती पुष्कळ नंतर. तेव्हा ऱ्हासाचा आरंभ शोधावयाचा तर तो वहीत शोधावा लागतो, ढिगाऱ्यात नव्हे.

यावर असा आक्षेप निघू शकेल की, लाकडी बांधणी आणि सह्याद्रीचा पाऊस एकत्र आले म्हणजे नाश अटळच असतो. नाशिक परिसराची साक्ष या आक्षेपाच्या विरुद्ध आहे. चांदवड पर्जन्यछायेत येते. तेथील तालुका अवर्षणासाठीच परिचित आहे. उलट सरकारवाडा गोदावरीच्या पुराच्या वाटेवर आहे. नाशिककर पुराची उंची ज्या खुणांनी मोजतात, त्यांत दुतोंड्या मारुती आणि नारोशंकराच्या देवळाची घंटा यांच्याबरोबर सरकारवाड्याच्या पायऱ्यांचाही समावेश होतो. १९६९, २००८ आणि २०१६ या वर्षांचे पूर सराफ बाजाराने पाहिले. केवळ निसर्गाच्या हिशेबाने पाहिले असते तर सरकारवाडा आधी जावयास हवा होता आणि चांदवडचा वाडा अभंग राहावयास हवा होता. घडले ते याच्या उलट. यावरून निसर्ग हे ऱ्हासाचे साधन ठरते. कारण ठरत नाही.

(४)

कारण शोधावयाचे तर १८१८ नंतर या वाड्यांचा उपयोग कोणाला होता, हे पाहावे लागते.

सरकारवाड्याचे भाग्य त्याच्या नावातच होते. पेशव्यांना सरकार म्हणत. इंग्रजी अमलालाही लोक सरकारच म्हणू लागले. नवे राज्यकर्ते आले तरी वाड्याचे नाव बदलण्याचे कारण पडले नाही, आणि कामही फारसे बदलले नाही. कचेरीला जागा हवी असते, ती गावाच्या मध्यावर हवी असते आणि लोकांच्या सवयीची हवी असते. सरकारवाडा या तिन्ही अटी पुऱ्या करीत होता. १८४० मध्ये स्थापन झालेल्या नाशिकच्या सार्वजनिक वाचनालयाचे बिऱ्हाडही दीर्घकाळ याच वाड्यात होते. पुढे पुरातत्त्व खात्याचे संग्रहालय येथे आले. परिसराच्या पोलीस ठाण्यालाही वाड्याचेच नाव मिळाले. ज्या छपराखाली रोज माणसे बसतात, ते गळू लागले की तक्रार होते; तक्रार झाली की कागद हलतो; कागद हलला की उशिरा का होईना, कौल बसते. सरकारवाडा टिकला तो या क्षुद्र वाटणाऱ्या साखळीने.

पुण्याचा दाखला येथे उपयोगी पडतो. शनिवारवाड्याची पायाभरणी १७३० च्या जानेवारीत झाली आणि १८२८ च्या फेब्रुवारीतील आगीने त्याचा अंतर्भाग नष्ट केला; तो पुन्हा उभा राहिला नाही. विश्रामबागवाड्यात मात्र १८२१ मध्ये संस्कृत पाठशाळा सुरू झाली होती. १८७९ च्या आगीत त्याचेही मोठे नुकसान झाले. परंतु तो वापरात होता म्हणून त्याची दुरुस्ती झाली. आग दोन्ही वाड्यांना लागली. फरक पडला तो आगीनंतर त्या जागेची गरज कोणाला होती, यामुळे.

अर्थात वापर हा निर्दोष रक्षक नव्हे. कचेरी वाड्याला जगविते आणि त्याच वेळी विद्रूपही करते. ओसरीला फळ्यांचे आडोसे लागतात, कोरीव खांबांवर तैलरंगाचे थर चढतात, चौकावर पत्रा येतो, कोनाड्यात दप्तरांचे गठ्ठे बसतात. सरकारवाड्याकडे शुद्ध पेशवेकालीन वास्तू म्हणून पाहणारा अभ्यासक यामुळे निराश होतो. पण ही निराशा चुकीच्या अपेक्षेतून आलेली असते. त्या वाड्यात पेशव्यांची कारकीर्द जेवढी आहे, तेवढीच मामलती, वाचनालये आणि संग्रहालये यांचीही आहे. यांपैकी एकच थर खरा आणि बाकीचे मळ, असे ठरविण्याचा अधिकार संशोधनाला नाही.

(५)

चांदवडचा प्रश्न या दोहोंपेक्षा अधिक गुंतागुंतीचा आहे. आनंदवल्लीचे घराणे राज्यासह बुडाले; सरकारवाड्याला नवा धनी मिळाला. चांदवड बांधणारे घराणे १८१८ नंतरही राज्य करीत राहिले, फक्त चांदवडवर नव्हे.

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात चांदवडला जे महत्त्व होते ते तीन गोष्टींचे होते. पहिली, खानदेशातून गोदावरीच्या खोऱ्यात उतरणारी खिंड आणि तिच्यावर नजर ठेवणारा किल्ला. दुसरी, पुणे आणि माळवा यांच्यामधील मुक्काम. तिसरी, टांकसाळ. येथे पडलेल्या रुपयावर शाहआलम बादशहाचे नाव आणि जाफराबाद उर्फ चांदोर असा टांकसाळीचा निर्देश येतो. चांदोरी रुपया म्हणून तो व्यवहारात ओळखला जाई. वाडा हा या तीन गोष्टींचा समुच्चय होता. घाटाची जकात, मुक्कामाचा बंदोबस्त आणि नाण्याचा व्यवहार यांच्या मध्यभागी तो उभा होता. उंच दगडी तटबंदी, बुरूज, मोठा दरवाजा आणि त्यातील दिंडी ही बाहेरची अंगे लष्करी वळणाची; आतील दरबाराचे कोरीव लाकूडकाम आणि भिंतींवरील चित्रे ही वैभवाची. या दोन अंगांतील विसंगती ही त्या वाड्याच्या कार्याचीच साक्ष आहे.

दुसऱ्या इंग्रज-मराठा युद्धात, १८०४ च्या ऑक्टोबरात, कर्नल वॉलेसने चांदवड घेतले. १८०५ च्या डिसेंबरात झालेल्या राजघाटच्या तहात ते होळकरांना परत देण्याचे कलम आले. पण १८१७ च्या डिसेंबरात महिदपूरची लढाई झाली आणि ६ जानेवारी १८१८ रोजी मंदसोरच्या तहाने होळकरांनी सातपुड्याच्या दक्षिणेकडील मुलूख सोडला. या एका कलमाने चांदवडच्या वाड्याखालील जमीन राजकीय दृष्ट्या सरकली. होळकर माळव्यात, त्यांची राजधानी इंदुरास आणि चांदवड कंपनीच्या मुलखात. टांकसाळ पुढे बंद पडली. किल्ल्याचे लष्करी प्रयोजन संपले. १८६० च्या दशकाच्या आरंभी लोहमार्ग आला तो चांदवड बाजूला ठेवून मनमाडवरून गेला, आणि व्यापाराची ओढ तिकडे लागली. ज्या होळकर संस्थानाने १८७० मध्ये खांडवा-इंदूर लोहमार्गासाठी एक कोटी रुपयांचे कर्ज दिले, त्याच घराण्याच्या जुन्या ठाण्याला लोहमार्गाच्या युगाने मागे टाकले. वाड्याला अर्थ देणारी तीनही प्रयोजने अशा रीतीने अर्ध्या शतकात नाहीशी झाली. भिंती उभ्या होत्या. त्यांच्या मागचा हिशेब संपला होता.

इंदूरच्या राजवाड्याशी तुलना केल्यास हा मुद्दा अधिक स्पष्ट होतो. तो १८०१, १९०८ आणि १९८४ अशा तीन वेळा आगीत सापडला. तरीही शहराने आणि शासनाने त्याला टाकून दिले नाही. चांदवडच्या वाड्यावर एवढे मोठे संकट येण्याचीही गरज पडली नाही. मध्यवर्ती वास्तू संकटातून उठते. सीमेपलीकडे राहिलेली वास्तू संकटावाचूनही खचते. १९४८ मध्ये होळकर संस्थान मध्य भारतात विलीन झाले आणि १९७१ मध्ये संस्थानिकांचे तनखे रद्द झाले. तेव्हा घराण्याची सत्ताही उरली नाही आणि जुन्या वास्तूंना पोसणारे उत्पन्नही आटले. १८१८ मध्ये वाडा राज्यापासून तुटला होता. आता राज्यच इतिहासजमा झाले.

(६)

अशा वास्तूचे वाचन मराठीत कसे झाले? येथे समीक्षेला काही दोष दाखवावे लागतात.

पहिला दोष नावाचा. रंगमहाल या शब्दाने रसिकतेची, विलासाची कल्पना उभी राहते आणि वर्णने चित्रे व नक्षी यांभोवती फिरू लागतात. त्यामुळे तट, बुरूज, पागा, कोठार, पाण्याची सोय ही अंगे दुय्यम ठरतात. एका दालनाचे नाव सबंध वास्तूला लागले आणि त्या नावाने वास्तूचा अर्थ आकुंचित केला. होळकरवाडा हे नाव अधिक रूक्ष असले तरी अधिक सत्य आहे.

दुसरा दोष कर्तृत्वाच्या आरोपणाचा. चांदवडच्या रेणुकेच्या देवळाशी आणि होळकरांच्या वाड्याशी लोकपरंपरेने अहिल्याबाईंचे नाव जोडले आहे. त्यांच्या १७६७ ते १७९५ या कारकीर्दीतील बांधकामांचा विस्तार इतका मोठा आहे की, होळकरी मुलखातील प्रत्येक चांगली वास्तू त्यांचीच मानण्याकडे मनाचा कल होतो. या श्रद्धेचा मान राखूनही हे म्हटले पाहिजे की, तिच्यामुळे मल्हारराव, तुकोजीराव आणि यशवंतराव यांच्या काळातील भर, बदल आणि दुरुस्त्या एकाच नावाखाली झाकल्या जातात. शिवाय अहिल्याबाईंच्या कार्याचे जे खरे वैशिष्ट्य, त्याचाही विसर पडतो. होळकरांची खासगी ही दौलतीपासून वेगळी होती. १७३४ मध्ये मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाई यांना ती मिळाली आणि पुढे ती अहिल्याबाईंकडे आली. त्यांचे घाट, अन्नछत्रे आणि देवळे या खासगीच्या उत्पन्नावर उभी राहिली व चालली. बांधून झाल्यावर चालविण्याची तजवीज करणे, हा त्यांचा विशेष होता. त्यांच्या नावाने ओळखली जाणारी वास्तू नेमकी या तजविजीच्या अभावी झिजावी, यातील विपर्यास कौतुकपर लेखनाच्या लक्षात येत नाही.

तिसरा दोष भुयाराच्या कथेचा. महाराष्ट्रातील बहुतेक प्रत्येक वाड्याच्या वाट्याला एखादे भुयार आले आहे. ते किल्ल्यापर्यंत, देवळापर्यंत किंवा नदीपर्यंत जाते आणि आता बुजलेले असते. अशा कथा लोकमानसाच्या अभ्यासास मोलाच्या आहेत. पण जेथे जिना, मोरी, गटार आणि छपराचा उतार यांची मोजमापे हवीत तेथे त्या येऊन बसल्या की, वास्तूचे खरे रहस्य दुर्लक्षित राहते. वाड्याचे रहस्य त्याच्या जमिनीखाली नसते. त्याच्या जमाखर्चात असते.

(७)

हा विवेचनाचा प्रश्न केवळ पुस्तकी नाही. जीर्ण वास्तूंच्या दुरुस्तीचा विचार आता सार्वत्रिक झाला आहे. महाराष्ट्राने १९६० मध्ये प्राचीन वास्तूंसंबंधी स्वतंत्र कायदा केला; वारशाविषयी लोकांत आस्थाही वाढली आहे. अशा वेळी प्रत्येक वाड्यापुढे एक प्रश्न उभा राहतो : दुरुस्ती करावयाची ती कोणत्या वर्षाच्या वाड्याची? १७९० चा, १८५० चा की १९४७ चा? ऱ्हासाचा इतिहास लिहिलेला नसेल, तर उत्तर ठरलेले असते : मूळचा. मग उत्तरकालीन भिंत मोडली जाते, जुन्या चुन्यावर नवा गिलावा चढतो, पुसट चित्रांच्या रेषा ठळक करण्याचा मोह होतो आणि कोणत्याही काळात अस्तित्वात नसलेला एक नवा वाडा जुन्याच्या नावाने उभा राहतो. उपेक्षेने वास्तू हळूहळू नाहीशी होते. अज्ञानी आस्थेने ती एका हंगामात होते. पहिल्या प्रकारात पुरावा ढिगाऱ्यात तरी शिल्लक राहतो.

म्हणून पदव्युत्तर अभ्यासापुढे या क्षेत्रात स्पष्ट कार्य आहे. एकेका वाड्याचा १८१८ नंतरचा इतिहास स्वतंत्रपणे लिहिला गेला पाहिजे. त्याची साधने कवित्वपूर्ण नाहीत, पण विपुल आहेत. पुण्याच्या पेशवे दप्तरातील इमारतीच्या खर्चाचे कागद, १८५२ च्या कायद्याने चाललेल्या इनाम कमिशनच्या चौकशा, नगर भूमापनाचे नकाशे, तालुक्याच्या कचेऱ्यांची दुरुस्तीची नोंदणी, वाचनालयांची इतिवृत्ते, जुनी छायाचित्रे आणि वाड्यांच्या सावलीत राहिलेल्या कुटुंबांच्या आठवणी, या सर्वांचा त्यात उपयोग होईल. वा. वा. ठाकूर यांनी संपादित केलेल्या होळकरशाहीच्या इतिहासाच्या साधनांसारखे ग्रंथ आजवर मुख्यतः लढाया आणि तह यांसाठी वाचले गेले. इमारत, मरामत आणि पहारा या सदरांसाठी तेच कागद पुन्हा वाचता येतील. नाशिक जिल्ह्याची निर्मिती १८६९ मध्ये झाली. त्यापूर्वीचे चांदवड-नाशिकचे कागद शेजारच्या जिल्ह्यांच्या दप्तरांतही शोधावे लागतील, ही व्यावहारिक सूचना येथेच करून ठेवणे इष्ट होय.

तीन वाड्यांच्या या तुलनेतून निष्कर्ष निघतो तो एवढाच की, राजवाड्याचे आयुष्य त्याच्या लाकडावर किंवा दगडावर जितके अवलंबून असते, त्याहून अधिक ते त्याच्या छपराखाली कोणाचे काम आहे यावर अवलंबून असते. आनंदवल्लीच्या वाड्याला काम उरले नाही, तो गेला. सरकारवाड्याला काम मिळाले. तो बदलत बदलत टिकला. चांदवडच्या वाड्याचे काम एका तहाने दुसऱ्या राज्यात गेले, आणि तो धन्याविना दोन शतके थांबून राहिला. यांपैकी एकही घटना काळाने केलेली नाही. प्रत्येकीला वर्ष आहे, कागद आहे आणि कर्ता आहे. काळाच्या ओघात हे शब्द लिहिण्यापूर्वी अभ्यासकाने ते वर्ष, तो कागद आणि तो कर्ता शोधावा. ते सापडले तर ऱ्हासाची कथा इतिहास होईल. आणि चांदवडच्या दरबारातील खांबांना पुढील पावसाळ्यापूर्वी कोणी शाकारावे, या प्रश्नालाही उत्तर देण्यास एक जबाबदार पक्ष सापडेल.